ह्मोंग बाटिक आणि निळीचं पिंप: प्रवासात शिकायचं तर कसं

बाटिक म्हणजे कापडावर मेणाने नक्षी काढून ते निळीत रंगवायचं; मेणाखालचा भाग पांढरा राहतो. अर्ध्या दिवसात ह्मोंग बाटिक शिकवतो असं कुणी म्हणालं तर समजून घ्या, की तो मेणाचा धडा आहे, निळीचा नव्हे. मेणाची रेघ कशी ओढायची हे दोन-तीन तासांत कळतं. ती सरळ यायला वर्षं लागतात ते सोडा, पण सुरुवात होते. निळीचं तसं नाही. कापड बुडवायचं, वाऱ्यावर धरायचं, सुकवायचं, पुन्हा बुडवायचं. प्रत्येक वेळी रंग जरासाच चढतो आणि रात्री निळीच्या पिंपाला विश्रांती द्यावी लागते. म्हणून सहलीची आखणी उलटीकडून करा. आधी पिंपासाठी तीन दिवस बाजूला काढा, त्याआधी मेणासाठी दोन, आणि उरलेल्या वेळात डोंगर बघा.

आधी थोडी ओळख

ह्मोंग लोक दक्षिण चीन, उत्तर व्हिएतनाम, लाओस आणि उत्तर थायलंडच्या डोंगरांत राहतात. १९७५ नंतर लाओसमधून निर्वासित झालेली अनेक कुटुंबं अमेरिकेत मिनेसोटा, विस्कॉन्सिन, कॅलिफोर्निया इथे गेली. सगळेच ह्मोंग बाटिक करतात असं नाही. निळे किंवा हिरवे ह्मोंग म्हणून ओळखल्या जाणाऱ्या गटातल्या बायकांच्या चुणीदार घागऱ्यात मधला रुंद पट्टा बाटिकचा असतो. पांढऱ्या ह्मोंग बायकांचा पारंपरिक घागरा साधा पांढरा. त्यांची करामत कापड कापून-दुमडून शिवण्याच्या नक्षीत. उत्तर व्हिएतनाममधल्या सापा या गावाकडच्या काळ्या ह्मोंगांचं कापड निळीत इतक्या वेळा बुडवलेलं असतं की ते काळंच दिसतं. तेव्हा नुसतं ‘ह्मोंग गाव’ असं बघून जाऊ नका, तिथल्या बायका मेणाने काढतात का हे आधी विचारा.

चीनमध्ये ह्मोंगांना ‘म्याओ’ या मोठ्या गटात धरतात. ग्वेइझौ प्रांतातल्या दानझाईचं म्याओ बाटिक प्रसिद्ध आहे आणि २००६ साली ते चीनच्या राष्ट्रीय वारसा यादीतही आलं. मात्र म्याओ म्हटले जाणारे सगळे ह्मोंग नसतात. तिथल्या नक्षीत पक्षी-मासे-फुलं मोकळेपणाने येतात, ह्मोंगांची नक्षी बहुतांशी भौमितिक. दोन्ही सुंदर, पण शिकणाऱ्याने एकावेळी एकच धरावं.

कुठे जायचं

भारतीयांना सगळ्यात सोपं व्हिएतनाम. ई-व्हिसा घरबसल्या मिळतो आणि ऑगस्ट २०२३ पासून तो ९० दिवसांपर्यंतचा असतो. हनोईला उतरल्यावर लगेच डोंगराकडे पळू नका. तिथल्या व्हिएतनाम मानववंशशास्त्र संग्रहालयात अर्धा दिवस घालवा. १९९७ साली उघडलेल्या या संग्रहालयाच्या अंगणात ह्मोंग घर उभं केलेलं आहे, आत कपडे आणि अवजारं आहेत. घागऱ्याचा पट्टा जवळून पाहिलेला असला की पुढे शिकवणारी काय दाखवते आहे ते झटकन कळतं.

हनोईहून सापा साधारण ३२० किलोमीटर, बसने पाच-सहा तास. रात्रीच्या आगगाडीने लाओ काय स्टेशन आणि तिथून घाट चढून असाही रस्ता आहे. झोप लागत असेल तर तो बरा. सापा गावात न थांबता मुओंग होआ खोऱ्यातल्या लाओ चाय, ता वान, हाउ थाओ अशा गावांत घरगुती मुक्काम शोधा. गावाला चिकटून असलेलं कॅट कॅट हे तिकीट काढून बघायचं, भाड्याच्या पोशाखात फोटो काढायचं ठिकाण झालंय. बघायला जा हवं तर, शिकायला नको.

गर्दी नको असेल तर माय चाउच्या वरच्या अंगाला पा को आहे. हनोईहून जवळ, हमरस्ता क्रमांक ६ वर, आणि इथे बाटिकचे घागरे अजून रोजच्या वापरात दिसतात. धाग्यापासून सगळं बघायचं असेल तर ‘हा जांग’ प्रांताच्या पठारावरचं लुंग ताम. तिथल्या बायकांची हेम्प (भांगेच्या झाडाचा धागा) विणायची सहकारी संस्था आहे. जुलै २०२५ मध्ये व्हिएतनामने प्रांतांची फेररचना केली आणि जिल्हे रद्द केले, त्यामुळे हा जांग आता कागदोपत्री तुयेन क्वांगमध्ये आणि माय चाउ फू थोमध्ये आहे. बस आणि हॉटेलवाले जुनीच नावं वापरतात. नकाशात गोंधळ झाला तर कारण हे.

लाओसमधलं लुआंग प्रबांग हा आरामाचा पर्याय. ‘ऑक पॉप टोक’ या २००० साली सुरू झालेल्या विणकाम-केंद्रात ह्मोंग बाटिकचा वर्ग असतो, आणि शहरात पारंपरिक कला व मानववंशशास्त्राचं छोटं, नीट मांडलेलं संग्रहालय आहे. गावात राहायची तयारी नसेल किंवा बरोबर वयस्क मंडळी असतील तर इथे शिका, काही बिघडत नाही. शिकवणं नीटनेटकं मिळेल. फक्त पिंपाच्या शेजारी राहण्याची मजा नाही.

केव्हा

सप्टेंबरअखेर ते नोव्हेंबर. पावसाळ्यात नीळ तयार होते खरी, पण तेव्हा वाटा निसरड्या आणि बायका भाताच्या खाचरात. सापाकडे वर्षाला भाताचं एकच पीक. कापणी आटोपली की हात मोकळे होतात, यंदाच्या पानांची ताजी नीळ घरात असते, आणि नव्या वर्षासाठी कपडे शिवण्याची घाई सुरू झालेली असते. डिसेंबर-जानेवारीत धुकं आणि कडाक्याची थंडी. नीळ म्हणजे विरजणासारखी जिवंत गोष्ट, गारठ्यात सुस्तावते. ती वेळ नुसतं मेण शिकायला ठीक.

शिकवणारी कशी ठरवायची

सापात पर्यटकांशी बोलून बोलून उत्तम इंग्रजी शिकलेल्या तरुणी भेटतील. ज्यांचा हात सर्वांत सफाईदार त्या आज्या-मावश्यांना बहुधा इंग्रजी येत नाही. म्हणून तरुण मुलगी दुभाषी आणि तिची आई किंवा सासू शिक्षक, अशी जोडी मिळाली तर सोडू नका. दोघींचे पैसे वेगळे ठरवा. तरुणीला मिळालेल्या पैशातून आईला मिळतील असं गृहीत धरू नका.

ठरवण्याआधी विचारून घ्यायच्या गोष्टी थोड्याच आहेत. पिंप आत्ता चालू आहे का? नीळ पानांची की बाजारातल्या पुडीची? कापड हेम्पचं की सुती, आणि त्याची किंमत धरली आहे का? किती दिवस किती वेळा बुडवू द्याल? “रंग आम्ही नंतर चढवून पाठवू” असं उत्तर आलं तर तुम्ही फक्त नक्षी काढणार आहात. तेही चालेल, पण मग पैसे त्याच हिशेबाने.

रस्त्यात एखादी बाई गप्पा मारत गावापर्यंत सोबत आली, तर शेवटी तिच्याकडून काहीतरी घ्यावं अशी तिची अपेक्षा असते. ती गैर नाही. घ्यायचं नसेल तर पहिल्या वळणावरच हसून सांगा, चौथ्या किलोमीटरवर नको.

घरात शिरताना काही पथ्यं. दाराच्या समोरच्या भिंतीशी पूर्वजांची आणि घरच्या देवतांची जागा असते. तिला हात लावू नका, पिशवी टेकवू नका. दाराशी हिरवी डहाळी किंवा बांबूची विणलेली चांदणी टांगलेली दिसली तर घरात विधी आहे, परक्याने आत जायचं नाही. वयाने मोठ्या बाईला व्हिएतनामीत ‘ची’ म्हणतात, आपल्या ताईसारखं. ह्मोंगमध्ये आभार मानताना ‘उआ चाउ’. शाकाहारी असाल तर मुक्काम ठरवतानाच ‘आन चाय’ सांगा आणि डुकराची चरबीही नको हे वेगळं सांगा, कारण भाजी तीतच परततात.

कापड

जुनं ह्मोंग कापड हेम्पचं, म्हणजे भांगेच्याच झाडाचं, पण दाटीवाटीने पेरून धाग्यासाठी सरळ उंच वाढवलेल्या. खोडं वाळवून साल सोलायची, सालीच्या पट्ट्या टोकाला टोक जोडून पीळ द्यायचा. बाजारात, रस्त्याने चालतानासुद्धा बायकांचे हात या कामात असतात. मग पायाने फिरवायच्या चरख्यावर एकाच वेळी चार चात्यांवर सूत काततात, राखेच्या पाण्यात उकळून पांढरं करतात, आणि मागावर अरुंद पट्टा विणतात. इतकं झाल्यावर त्यावर मेणाचा पहिला थेंब पडतो. तुम्ही सरावात खराब करणार असलेलं कापड कुणाच्या तरी कित्येक महिन्यांचं काम असू शकतं, म्हणून सराव सुती कापडावर करा आणि हेम्पचा तुकडा शेवटच्या कामासाठी ठेवा. वीतभर-दीड वीत चौकोन पुरे. घागऱ्याच्या पट्ट्याची स्वप्नं पहिल्या खेपेला नकोत.

सुती कापड नवं असेल तर त्यातली खळ धुऊन काढा, नाहीतर नीळ धरत नाही. नंतर ते दगडाने किंवा शिंगाने घोटून गुळगुळीत करतात. खरबरीत कापडावर अवजाराचं पातं अडखळतं आणि रेघ तुटते. घोटायचं काम शिष्याकडे येतं, कंटाळू नका.

मेण आणि अवजार

जावामधल्या बाटिकचं मेण सोडायचं तोटीचं अवजार तुम्ही पाहिलं असेल. ह्मोंग अवजार वेगळं. बांबूच्या काडीला तांब्याची किंवा पितळेची त्रिकोणी पाती जोडून बांधलेली, पात्यांच्या मधल्या फटीत मेण धरून राहतं आणि धारेवरून उतरतं. लहान पातं बारीक रेघांना, मोठं लांब सरळ रेघांना. ते ओढायचं स्वतःकडे. या अवजाराला सरळ रेघ आवडते. वळण काढायचं तर मनगट कमी आणि कापड जास्त फिरवायचं, छोटे छोटे तुकडे जोडत. शंखासारखी गोल वळणारी नक्षी, जी गोगलगायीची म्हणून ओळखली जाते, ती अशीच होते.

मेण मधमाश्यांचं. त्यात आधीच्या कामातून उकळून परत मिळवलेलं जुनं मेण मिसळतात. निळीत राहून ते काळपट झालेलं असतं, त्यामुळे पांढऱ्या कापडावर काढलेली रेघ दिसते. नुसतं पिवळं मेण दिसतच नाही. काही ठिकाणी पॅराफिनही घालतात. ते स्वस्त पडतं, पण जास्त घातलं तर मेण ठिसूळ होऊन तडकतं. आपल्याकडच्या उज्जैनजवळच्या भैरवगढच्या बाटिकमध्ये या तडांतून शिरलेल्या रंगाच्या नसांना मान आहे. ह्मोंग बाईच्या लेखी तीच चूक. तिला पांढरी रेघ स्वच्छ पांढरी हवी.

मेणाचं भांडं निखाऱ्यावर किंवा गरम राखेत ठेवलेलं असतं. सगळा खेळ तापमानाचा. फार तापलं तर रेघ टिपकागदावर शाई फुटावी तशी पसरते आणि बारीक जाळी एकच डाग होऊन बसते. थंड असेल तर मेण कापडाच्या अंगावर पांढुरकं बसतं, आत शिरत नाही, आणि पिंपात सुटतं. ओळखायची खूण एकच: कापड उलटून बघा. रेघ मागूनही ओलसर पारदर्शक दिसली की मेण बरोबर. पातं भांड्यात बुडवल्यावर काठावर निथळवा, लगेच कापडावर नेऊ नका. पहिला थेंब नेहमी जास्त पडतो. तो चिंधीवर पाडून मग कामाला लागा.

नक्षीचा आराखडा पेन्सिलीने काढायची पद्धत नाही. कापड घडी घालून, नखाने दाबून चौकटी पाडतात आणि मग त्या चौकटींत रेघा भरत जातात. पहिल्या दिवशी फक्त समांतर रेघा काढा. खरंच फक्त रेघा. शिकवणारीला तुम्ही लगेच सूर्य-फुलं काढावीत असं वाटत असेल, कारण पर्यटक खूश होतात. तिला सांगा की मला रेघाच हव्यात. मग ती तुमच्याकडे जरा वेगळ्या नजरेने बघू लागेल आणि खरं शिकवायला घेईल.

नीळ

या डोंगरांतली नीळ आपल्या ओळखीच्या नीळ-झुडपाची नसते. इथलं झाड स्ट्रोबिलँथस कुसिया, ज्याला आसाम इंडिगो म्हणतात. सह्याद्रीत सात वर्षांनी फुलणारी कारवी याच वंशातली. घराच्या मागे, ओढ्याकाठी, सावलीत ते लावलेलं सापडेल. पानं दगडाखाली दाबून दोन-चार दिवस पाण्यात भिजत ठेवतात, मग चोथा काढून त्या हिरवट पाण्यात चुना घालून ते जोरात घुसळतात. फेस आधी हिरवा, मग निळा. घुसळणं थांबलं की निळा गाळ तळाशी बसतो. वरचं पाणी ओतून जो लगदा उरतो ती नीळ, आणि ती झाकून महिनोन् महिने टिकते.

ही नीळ पाण्यात विरघळत नाही, म्हणून ती तशीच कापडाला लावून उपयोग नाही. लाकडी पिंपात ती राखेच्या निवळीत कालवतात, भाताची घरगुती दारू घालतात आणि आंबवतात. आंबताना पिंपातला प्राणवायू संपतो, नीळ रूप बदलून विरघळते आणि पाणी पिवळट हिरवं होतं. कापड बाहेर आलं की हवेतल्या प्राणवायूने ती पुन्हा निळी होऊन धाग्यात अडकते. हे सगळं थंड पाण्यात घडतं, म्हणूनच मेण वितळत नाही. बाटिक आणि नीळ यांची जोडी जगभर जमली ती यामुळे.

पिंप तयार आहे का ते स्वतः बघायला शिका. वर तांबूस चमकणारी साय आणि निळा फेस, ढवळल्यावर आतलं पाणी पिवळट हिरवं: तयार. आतपर्यंत निळंच असेल तर अजून नाही. घाई करून बुडवलंत तर धुतल्यावर सगळा रंग निघून जाईल. काही बायका बोट बुडवून चव घेतात. तुम्ही घेऊ नका. राखेचं पाणी तीव्र अल्कधर्मी असतं, त्वचेलाही झोंबतं. रबरी हातमोजे न्या, नाहीतर नखं बरेच दिवस निळी राहतील.

बुडवण्याची रीत

कापड आधी साध्या पाण्यात भिजवून हलकेच निथळवा. पिळायचं नाही, मेण तडकतं. पिंपात सावकाश सोडा, आत बुडबुडे न्यायचे नाहीत, तळाचा गाळ ढवळायचा नाही. कापड पाण्याखालीच धरून हलवत ठेवा. काढताना काठाला लावून निथळवा, वरून धार पाडू नका. बाहेर काढल्यावर हिरवं कापड डोळ्यांदेखत निळं होतं. इथे सगळे फोटो काढतात. काढा, पण त्याआधी कापड पूर्ण उलगडा, नाहीतर घडीत हिरवे पट्टे राहून डाग पडतात.

पूर्ण निळं झालं की पुन्हा. एका लांब बुडीपेक्षा अनेक छोट्या बुड्या चांगल्या. रंग थरांनी बसतो आणि घासल्यावर कमी जातो. दिवसाकाठी काही बुड्या, मग कापड सावलीत सुकवायचं आणि पिंपाला रात्रभर सोडायचं. तीन दिवसांत छान मध्यम निळा मिळेल. काळ्या ह्मोंगांचा तो जवळजवळ काळा रंग मिळणार नाही, त्याला आठवडे लागतात. पुढे ते कापड सपाट दगडावर ठेवून, वर लाकडी रूळ आणि त्यावर जड शिळा, अशा शिळेवर बाई उभी राहून दोन्ही पायांनी डुलत चकाकी आणते. ते दिसलं तर थांबून बघा; मागितलंत तर चढूही देतात, आणि तोल गेला की सगळं घर हसतं.

शेवटी मेण काढायचं. कापड उकळत्या पाण्यात टाकलं की मेण वर तरंगतं, ते निवल्यावर वडीसारखं उचलून पुढच्या कामाला ठेवतात. ही वडी शिकवणारीची, ती मागू नका. पाणी निवळशंख येईपर्यंत कापड धुवा. पहिले काही महिने ते वेगळं धुवायचं आणि पांढऱ्या कुर्त्याजवळ न्यायचं नाही.

विकत घेताना

स्वतः एक चौकोन केलात की बाजारातला माल वाचता येतो. छापील कापडात रेघा सगळीकडे हुबेहूब सारख्या आणि मागची बाजू फिकी. मेणाची रेघ दोन्ही बाजूंनी पांढरी, जाडी जराशी कमी-जास्त, रेघ सुरू होते तिथे किंचित ठिपका. सापा आणि लुआंग प्रबांगच्या रात्रबाजारात छापील माल भरपूर आहे. स्वस्त आणि आवडला तर घ्या, हातकाम समजून नका घेऊ. जुन्या घागऱ्यांचे तुकडे कापून केलेल्या पिशव्याही मिळतात. अखंड घागरा परवडत असेल तर तो घ्या. हातकामाला घासाघीस थोडीच करा. हेम्पचा हिशेब तुम्हाला आता माहीत आहे.

घरी आल्यावर

पात्याचं अवजार बनवणाऱ्याकडून दोन आकारांत विकत घ्या आणि विमानात मोठ्या सामानात टाका. ओली नीळ आणू नका, गळते. आपल्याकडे तमिळनाडूत तयार होणारी नैसर्गिक निळीची पूड मिळते, मधमाश्यांचं मेणही सहज मिळतं. आंबवलेलं पिंप फ्लॅटमध्ये सांभाळणं कठीण आणि शेजाऱ्यांना वास आवडणार नाही. त्याऐवजी मिशेल गार्सिया या फ्रेंच रंगतज्ज्ञाने रूढ केलेलं १-२-३ प्रमाण वापरा: वजनाने एक भाग नीळपूड, दोन भाग विरी गेलेला चुना, तीन भाग फ्रुक्टोज साखर. गरम पाण्यात कालवून झाकून ठेवलं की काही तासांत साय आणि फेस दिसू लागतो. मेणाचं कापड मात्र पिंप कोमट होईपर्यंत घालू नका. कोरडा चुना हाताळताना नाकाला रुमाल, डोळ्यांना चष्मा. पिंप निळं पडू लागलं की थोडी साखर आणि चिमूटभर चुना घालून हलकेच ढवळा, झाकण लावा आणि दुसऱ्या दिवशी बघा.